आधी ग्रंथ, मग गिरी : धनजहून कारंजा आणि मुक्तागिरीची एक दिवसाची यात्रा

श्रावण लागला की वऱ्हाडातील आपल्या घरांतून एक बेत हमखास निघतो. धान्यबाजारातील आवक मंदावलेली असते, सोयाबीन अजून शेतात उभे असते आणि पुण्या-मुंबईस शिकायला गेलेली मुले राखीपौर्णिमेला घरी आलेली असतात. कुणीतरी म्हणते, ‘‘मुक्तागिरीची धार सुरू झाली आहे, गाडी करून एका दिवसात जाऊन येऊ.’’ तोच आतल्या खोलीतून आजीचा आवाज येतो, ‘‘चातुर्मासात डोंगर चढायचा?’’ आणि बेत तिथेच अडतो. मुलांना आजीचे म्हणणे जुनाट वाटते, आजीला मुलांचे पोरकट. पुष्कळदा शेवटी मुले मित्रांबरोबर निघून जातात, धबधब्याखाली भिजून, छायाचित्रे काढून परत येतात आणि घरातली वडीलधारी मंडळी त्या क्षेत्राच्या दर्शनाला वर्षानुवर्षे मुकतात.

कारंजा तालुक्यातील धनज बुद्रुक हे कारंजा-अमरावती रस्त्यावरचे गाव. एका बाजूला शास्त्रभांडारांचे कारंजा आणि दुसऱ्या बाजूला, अमरावती-परतवाडा ओलांडून, सातपुड्याच्या कुशीतील सिद्धक्षेत्र. धनज व आसपासच्या गावांतील काही कुटुंबांना घेऊन या वाटेने मार्गदर्शक म्हणून जाण्याचा योग मला तीनदा आला. त्या अनुभवावरून या यात्रेचा काळ कोणता असावा आणि क्रम कोणता असावा, याविषयी माझे मत पक्के झाले आहे. ते वाचकांपुढे ठेवतो.

प्रथम काळाविषयी. चातुर्मासात साधू-साध्वी एका स्थानी राहतात याचे कारण आपण सारेच जाणतो : पहिल्या पावसाबरोबर भूमीवर जीवसृष्टी इतकी दाट होते की पाऊल टाकणे म्हणजे हिंसाच. श्रावकाला तो नियम तितक्या काटेकोरपणे लागू नाही, हे खरे. दुकान बंद ठेवून तो चार महिने घरी बसू शकत नाही. पण श्रावकासाठीही आचार्यांनी विचार करून ठेवला आहे. आचार्य समंतभद्रांच्या रत्नकरंडक श्रावकाचारात अनर्थदंडव्रताचे विवेचन आहे. त्यात प्रमादचर्या म्हणजे काय हे सांगताना विनाकारण जमीन खणणे, पाणी उडवणे, अग्नी पेटवणे, वनस्पती तोडणे आणि विनाकारण हिंडणे-हिंडवणे या गोष्टी आचार्यांनी एका रांगेत बसवल्या आहेत. ही यादी धबधब्यावरच्या आजच्या सहलीशी ताडून पाहावी; फारसे काही उरत नाही. जिच्यावरून मुले हसत घसरतात ती शेवाळ आपल्या शास्त्राप्रमाणे अनंतकाय आहे आणि जे पाणी अंगावर घ्यायचे तेही अप्काय, म्हणजे स्वतः जीवच. आजी आतल्या खोलीतून इतके सारे सांगत नाही. तिचा तीन शब्दांचा प्रश्न मात्र यावरच उभा आहे.

मुलांचाही एक मुद्दा खरा आहे. ‘‘पाणी पाहायचे तर पावसाळ्यातच जायला हवे; चैत्रात कोरडा कडा पाहून काय करू?’’ असे एका मुलाने मला विचारले होते. त्याला मी कार्तिक सुचवला. दिगंबर परंपरेत वीरनिर्वाणाच्या अमावास्येला वर्षायोग संपतो, श्वेतांबर परंपरेत कार्तिकी पौर्णिमेला चातुर्मास उठतो. चार महिने थांबलेली शत्रुंजय गिरिराजाची यात्रा पुन्हा सुरू होते तीही याच पौर्णिमेपासून. म्हणजे डोंगरावर जाण्याचा दिवस आपल्या पूर्वजांनी आधीच नेमून ठेवला आहे. त्या सुमारास मुक्तागिरीची धार बारीक झालेली असते, परंतु पाऊसमान बरे झाले असेल तर ती वाहत असते. पायऱ्या कोरड्या असतात. गवत पिवळे पडू लागलेले असते. गर्दी ओसरलेली असते, त्यामुळे पाण्याचा आवाज ऐकू येतो. श्रावणात ऐकू येतात ती माणसेच.

अडचण आपल्या धंद्याची आहे, ती लपवण्यात अर्थ नाही. कार्तिक म्हणजे कापूस-सोयाबीनच्या आवकेचे दिवस. त्या महिन्यात अडत दुकान सोडून बाहेर पडणे म्हणजे काय, ते ज्याचे त्याला ठाऊक. म्हणून कार्तिकी पौर्णिमेनंतरचा, बाजार बंद असलेला एकच दिवस धरावा आणि पहाटे निघून रात्री परतावे. मुक्काम नको. एक दिवस पुरतो.

आता क्रमाविषयी. धनजहून निघालेली गाडी मी आधी उलट्या दिशेला, कारंज्याकडे नेतो. या एका गोष्टीवरून दर वेळी कुरकुर होते. मुक्तागिरी एकीकडे आणि आपण जातो दुसरीकडे. तेवढ्या वेळात बडनेऱ्याच्या पुढे गेलो असतो, हा हिशेब व्यापाऱ्याला चटकन कळतो. तरीही मी आग्रह सोडत नाही. धनज ते कारंजा अर्ध्या तासाच्या आत-बाहेरची वाट. पहाटे साडेपाचला निघाले तर अभिषेकाच्या वेळी मंदिरात पोहोचता येते.

कारंजा (लाड) हे दत्तभक्तांना श्रीनृसिंह सरस्वतींचे जन्मस्थान म्हणून परिचित आहे. आपल्या समाजाला ते तीन मंदिरांमुळे माहीत असते : सेनगण, बलात्कारगण आणि काष्ठासंघ. एकाच गावात भट्टारकांच्या तीन परंपरा शेजारी शेजारी नांदल्या, ही सामान्य गोष्ट नव्हे. श्वेतांबर वाचकांना यावरून यतींच्या गाद्या आठवतील. भट्टारक मठात राहत, वस्त्र धारण करीत, प्रतिष्ठा करवीत, मुलांना शिकवीत, संघ घेऊन तीर्थयात्रांना जात आणि ग्रंथ लिहवून घेत. त्यांच्या वैभवावर पुढे टीका झाली, काही प्रमाणात ती योग्यही होती. पण ज्या काळात निर्ग्रंथ मुनींचा विहार अत्यंत विरळ झाला होता त्या काळात वऱ्हाडातल्या श्रावकाला धर्म सांगणारे कोण होते, हा प्रश्न टीका करणाऱ्याने स्वतःला विचारावा. कारंज्याचे भट्टारक देवेंद्रकीर्ती यांचे शिष्य जिनसागर यांनी अठराव्या शतकाच्या पूर्वार्धात मराठीत रचना केल्या. त्यांचे जीवंधरपुराण त्यांतलेच. आज आपण आपल्या मुलांशी धर्माविषयी मराठीत बोलतो. ही भाषा त्या कामाला तीनशे वर्षांपूर्वी याच गावात लागली होती.

आता गाद्यांवर भट्टारक नाहीत. मठ शांत आहेत. मात्र त्यांनी जमवलेले हस्तलिखित ग्रंथ आहेत, आणि यात्रेचा पहिला थांबा त्यांच्यासाठी आहे.

हे ग्रंथ कुणाच्या पैशाने लिहिले गेले? सतराव्या शतकाच्या उत्तरार्धात श्वेतांबर मुनी शीलविजय दक्षिणेची यात्रा करताना कारंज्याला आले होते. आपल्या तीर्थमाळेत त्यांनी येथील बघेरवाल श्रीमंत भोज संघवी यांच्या औदार्याचे वर्णन करून ठेवले आहे. श्वेतांबर मुनीने दिगंबर श्रावकाची मोकळ्या मनाने केलेली ही स्तुती आजही वाचण्याजोगी आहे. पोथ्यांच्या अखेरीस असलेल्या प्रशस्ती पाहाव्यात. अमक्या श्रावकाने, अमक्या श्राविकेने, ज्ञानावरणीय कर्माच्या क्षयासाठी हा ग्रंथ लिहवून अमक्या भट्टारकांस अर्पण केला, अशा मजकुराने त्या संपतात. कापसाच्या आणि धान्याच्या नफ्यातला एक भाग कागद, शाई आणि लेखनिकाच्या मजुरीवर खर्च होत होता. आपल्या घरची जुनी वहीखाती आपण रद्दीत दिली. त्या काळच्या व्यापाऱ्यांच्या देण्याचा हिशेब मात्र असा पोथ्यांच्या शेवटच्या पानावर टिकला.

इ. स. १९२४ च्या सुमारास प्रा. हिरालाल जैन या तरुण अभ्यासकाने ही भांडारे पाहिली आणि येथील अपभ्रंश ग्रंथांकडे विद्वानांचे लक्ष वेधले. तोवर अपभ्रंश साहित्य फारच थोडे छापले गेले होते. पुढे कारंज्याहून एकामागून एक ग्रंथ बाहेर आले : डॉ. प. ल. वैद्य यांनी संपादिलेले पुष्पदंताचे जसहरचरिउ १९३१ मध्ये, हिरालालजींनी संपादिलेले णायकुमारचरिउ १९३३ मध्ये आणि मुनी कनकामरांचे करकंडचरिउ १९३४ मध्ये. हिंदी, गुजराती व मराठी या भाषा कशा घडल्या हे शोधणाऱ्या जगभरच्या अभ्यासकांना त्यामुळे ‘कारंजा’ हे नाव माहीत झाले. ते अमुक जिल्ह्यातले तालुक्याचे गाव आहे, हे त्यांतल्या अनेकांना ठाऊकही नसेल.

यांतील करकंडचरिउची कथा मी मुलांना मंदिराच्या ओसरीवरच सांगतो, कारण दुपारी तिचा उपयोग होणार असतो. राजा करकंडू दक्षिणेच्या स्वारीवर असताना तेरापूरजवळ मुक्काम करतो. डोंगरात त्याला एक लेणे दिसते, आणि वर एका वारुळाला एक हत्ती सोंडेतून पाणी व कमळ आणून वाहतो आहे असे दृश्य. वारूळ उकरले तेव्हा आत पार्श्वप्रभूंची मूर्ती निघाली. मग लेण्यातल्या जुन्या मूर्तीपाशी राजाला दगडाची एक गाठ दिसते. ती दिसायला विद्रूप, म्हणून तो कारागिराला ती फोडायला सांगतो. कारागीर बजावतो की ही गाठ पाण्याच्या झऱ्यावर बसवलेली आहे. राजा ऐकत नाही. गाठ फुटते, पाणी उसळते आणि सारे लेणे भरून जाते. हिरालालजींनी ही लेणी आजच्या धाराशिवजवळची, हे दाखवून दिले. कथा येथवर आली की मुले एकच विचारतात, ‘‘मग पाणी थांबवले कसे?’’ उत्तर मी गाडीत देतो.

निघण्यापूर्वी महावीर ब्रह्मचर्याश्रमात जरूर जावे. १९१८ साली ब्रह्मचारी देवचंदजी, म्हणजे पुढील काळातील पूज्य समंतभद्र महाराज, यांनी तो स्थापन केला. बाहुबलीचे गुरुकुल निघाले ते यानंतर. त्याचे मूळ वऱ्हाडात आहे याचा कोल्हापूर-सांगलीच्या वाचकांनाही कधीकधी विसर पडतो.

आठ-सव्वाआठला गाडी परत फिरते. धनजला ज्यांना इतक्या पहाटे निघणे जमले नाही अशी म्हातारी माणसे आणि लेकुरवाळ्या सुना चढतात आणि अमरावतीची वाट सुरू होते. वाटेत सांगण्याजोगी गोष्ट अमरावतीची. हिरालालजी येथील किंग एडवर्ड महाविद्यालयात संस्कृतचे प्राध्यापक होते. षट्खंडागमावरील धवला टीकेचे संपादन त्यांनी येथून केले. पहिला खंड १९३९ मध्ये प्रसिद्ध झाला आणि पुढे सोळा खंडांत काम पुरे झाले. मूळ ताडपत्रे मूडबिद्रीस. शतकानुशतके ती बाहेर येत नव्हती. दर्शन मिळे, वाचन नाही. महत्प्रयासाने ज्या नकला बाहेर आल्या त्यांतील तीन नकलांवरून संपादकांनी पाठ सिद्ध केला : एक अमरावतीची, एक बिहारमधील आरा येथील आणि एक कारंज्याची. खर्चाची तजवीज विदिशाच्या एका शेठजींनी दिलेल्या निधीतून झाली. ‘‘आपण आता जिथून आलो, तिथल्या पोथीवरून?’’ असे एका मुलीने गेल्या वेळी विचारले, तेव्हा अर्ध्या रस्त्याची उलटी फेरी मला वसूल झाल्यासारखी वाटली.

अमरावती ते परतवाडा सुमारे पन्नास किलोमीटर. परतवाड्याला लागूनच अचलपूर, जुन्या लोकांच्या तोंडचे एलिचपूर. ऐल राजाची कथा या गावाशी जोडलेली आहे, तशीच ती वाशिम जिल्ह्यातील शिरपूरच्या अंतरिक्ष पार्श्वनाथांशीही. (शिरपूर याच दिवसात उरकावे असे सुचवणारे कुणीतरी प्रत्येक गाडीत असतेच. ते नेमके उलट्या दिशेला आहे. त्याला स्वतंत्र दिवस द्यावा.) अचलपूरचा आणखी एक मान आहे. चित्तोडचा हरिषेण नावाचा गृहस्थ आपल्या काही कामानिमित्त येथे आला, येथे त्याने छंदशास्त्र व अलंकार यांचा अभ्यास केला आणि विक्रम संवत १०४४ मध्ये धम्मपरिक्खा हा अपभ्रंश ग्रंथ पूर्ण केला. कामासाठी परगावी गेलेला माणूस तिथे राहून काय करू शकतो, हे आपल्यासारख्या फिरत्या समाजाने हजार वर्षांनंतरही लक्षात घेण्याजोगे आहे.

परतवाड्याहून खरपीमार्गे चौदा-पंधरा किलोमीटरवर मुक्तागिरी. क्षेत्र मध्य प्रदेशाच्या बैतूल जिल्ह्यात. पण वाट महाराष्ट्रातून आणि यात्रेकरूही बहुतांश इकडचेच. प्राकृत निर्वाणकांडात अचलपूरच्या ईशान्येस असलेल्या मेढगिरीच्या शिखरावरून साडेतीन कोटी मुनी मोक्षास गेल्याचा उल्लेख आहे. तेच हे स्थान. एक मेंढा कड्यावरून ध्यानस्थ मुनींजवळ येऊन पडला, मुनींनी त्या मरणासन्न जीवाला णमोकार मंत्र ऐकवला, तो देवगतीस गेला आणि त्याने येथे मोत्यांची वृष्टी केली, अशी कथा नावामागे सांगतात. कथेतला मेंढा आणि आपल्या घरातली नातवंडे यांचे लगेच जुळते. एवढी कथा वाटेत सांगितली तरी पायऱ्यांवर ती शांतपणे चालतात.

वंदनेच्या वाटेवर बावन्न मंदिरे. चढायला सुमारे अडीचशे आणि उतरायला सुमारे साडेतीनशे पायऱ्या. सावकाश चालणाऱ्यालाही अडीच तास पुरतात. डोलीची सोय लागेल अशांनी खाली कार्यालयात आधी चौकशी करावी. चामड्याच्या वस्तू गाडीतच राहू द्याव्यात. विसाव्या शतकाच्या पूर्वार्धापर्यंत हा डोंगर खापर्डे घराण्याच्या मालगुजारीत होता. अचलपूरचे दानशूर नत्थुसा पासुसा कळमकर यांनी तो मंदिरांसह विकत घेतला. त्याआधी लोक येथे पादत्राणे घालून फिरत, शिकारही करीत, असे सांगतात. एका व्यापाऱ्याने डोंगर विकत घेतला म्हणून त्यावरची शिकार थांबली. पायथ्याशी जोडे उतरवताना हे मुलांना आवर्जून सांगावे.

स्थापत्याचा अभ्यासक फर्ग्युसन याने १८७६ साली प्रसिद्ध झालेल्या आपल्या ग्रंथात मुक्तागिरीची दखल घेतली. त्याला नवल वाटले ते एका गोष्टीचे : जैनांची डोंगरी क्षेत्रे बहुधा माथ्यावर असतात, येथे मात्र मंदिरे दरीत, धबधब्याच्या पायथ्याशी एका टप्प्यावर वसलेली आहेत. हे पाहणे अचूक आहे. शिखरजी, गिरनार, शत्रुंजय येथे चढून गेल्यावर सारा मुलूख पायाखाली येतो. येथे चढून गेल्यावरही कडा डोक्यावरच राहतो. पांढरी शिखरे आणि घुमट, त्यांच्या मागे दगडी भिंत आणि त्या भिंतीवरून उतरणारी पाण्याची रेघ. मान वर करूनच वंदना करावी लागते.

बहुतेक मंदिरे सोळाव्या शतकानंतरची. त्यांच्या घुमटांवर आणि कमानींवर त्या काळच्या मुसलमानी बांधकामाची छाप उघड दिसते. दहाव्या क्रमांकाचे मेढगिरी मंदिर मात्र वेगळे. ते डोंगर कोरून केलेले लेणे आहे आणि क्षेत्रावरील अत्यंत प्राचीन भागांत मोडते. आत उजेड कमी. डोळे सरावायला दोन मिनिटे लागतात, तेवढा वेळ कुणीही बोलू नये एवढी एकच सूचना मी दारात देतो. बाहेरून पाण्याचा आवाज येत असतो. लेणे, आत मूर्ती आणि खडकापलीकडे पाणी. सकाळी कारंज्याच्या ओसरीवर ऐकलेली करकंडूची कथा येथे कुणाला आठवण करून द्यावी लागत नाही. गेल्या वेळी एका नऊ वर्षांच्या मुलाने भिंतीला कान लावला होता. त्याच्या वडिलांनी त्याला मागे ओढले. मी त्यांना खुणेने थांबवले.

पुढे धारेजवळच्या मंदिरांपाशी टप्पा थोडा रुंद होतो. तिथे बसावे. कुणाला सामायिक करायचे असेल तर अठ्ठेचाळीस मिनिटे सहज मिळतात. पाण्यात उतरू नये, बाटल्या भरू नयेत, शेवाळ असलेल्या कडेने जाऊ नये, हे नियम मी गाडीतच सांगून ठेवतो आणि त्यांचे कारणही सांगतो. ‘‘आंघोळ करायची नाही तर धबधबा कशाला?’’ हा प्रश्न पहिल्या वर्षी आला होता. एका आजोबांनी परस्पर उत्तर दिले, ‘‘दुकानासमोरून वरात जाते तेव्हा तू घोड्यावर बसतोस काय? बघतोसच ना?’’ त्यानंतर तो प्रश्न पुन्हा निघाला नाही.

भोजनाची व्यवस्था पायथ्याशी भोजनशाळेत होते. चाळीस-पन्नास जणांचा संघ असेल तर किमान दोन दिवस आधी कळवावे. ऐन वेळी पन्नास पाने मागून मग स्वयंपाकाला नावे ठेवणे शोभत नाही. गाळलेले पाणी सोबत घ्यावे. कार्तिकात दिवस लहान, पावणेसहाच्या सुमारास सूर्यास्त. म्हणून दुपारचे भोजन एकला, आणि घरून आणलेल्या दशम्या, मेतकूट, शेव यांचे दुसरे खाणे निघण्यापूर्वी साडेचारला उरकावे. एकदा गाडी सुटली की वाटेत कुठेही थांबून खाण्याचा प्रश्न उरत नाही, आणि रात्रीभोजनाचा नियम पाळणाऱ्यांना ओशाळे वाटत नाही. रस्ता जंगलाच्या कडेचा आहे. अंधार पडण्यापूर्वी परतवाडा गाठणे चालकालाही सोयीचे.

कारंज्याच्या हस्तलिखितांविषयी एक विनंती करून ठेवतो. भांडार म्हणजे प्रदर्शन नव्हे. विश्वस्तांना आधी पत्र लिहावे, दहा-दहा जणांनी आत जावे, पोथीला हात लावू नये, छायाचित्रासाठी झगझगीत दिवा वापरू नये. विश्वस्तांनी नकार दिला तर मंदिराचे दर्शन घेऊन पुढे निघावे. मुलांना छापील करकंडचरिउची एक प्रत दाखवली तरी काम होते. ती जुन्या ग्रंथालयांतून मिळते. मी माझी प्रत गाडीत नेतो. गेल्या वेळी परतताना ती अमरावतीपर्यंत हातोहात फिरत होती आणि त्यातले अपभ्रंश कडवे मोठ्याने वाचण्याची पैज लागली होती. बडनेरा ओलांडल्यावर दिवे बंद केले, तरी मागच्या बाकावर मोबाइलच्या उजेडात वाचन चालूच होते. धनजला उतरणारे उतरले. पुस्तक मात्र कुणाच्या पिशवीत गेले ते मला दुसऱ्या दिवशी दुकानात कळले. दोन रविवारांनी ते परत आले, आत वहीच्या कागदाची खूण घातलेली, ज्या पानावर लेण्यात पाणी भरते त्या पानाशी.